शेजारच्या घरातली रेकॉर्ड

गेल्या आठवड्यात खेमेंटेची माणसं आली आणि आमच्या इमारतीसमोर वाळकी पानं टाकायचे जाळीचे मोठे पिंजरे ठेवून गेली. खेमेंटे म्हणजे इथली नगरपालिका. हेगजवळच्या या झूटरमेरमध्ये शरद ऋतू आला हे मला झाडांच्या आधी या पिंजऱ्यांवरून कळतं. मग बाकीच्या खुणा दिसायला लागतात. सुपरमार्केटच्या दाराशीच डिसेंबरच्या सणाची मसालेदार बारकी बिस्किटं रचलेली असतात, सायकलच्या रस्त्यावर ओल्या पानांचा लगदा झालेला असतो, ट्रामच्या काचा आतून धुरकटलेल्या असतात. आणि एक वास येतो, भिजलेल्या, कुजत चाललेल्या पानांचा. तसा वाईट नाही, पण तो आला की माझ्या पोटात काहीतरी बारीक चावतं. ऑफिसातली माणसं म्हणतात, या दिवसांत उदास वाटतं. मला उदास वाटत नाही. मला हेवा वाटतो.

हे एका शरदापासून सुरू झालं. आमची शर्वरी तेव्हा चौदा वर्षांची होती. एका दुपारी ती किल्ली विसरली. मी हेगला ऑफिसात, माझा नवरा महेश त्याच्या कामावर, आणि बाहेर आडवा पाऊस. आमच्या मजल्यावरच्या सगळ्या घरांची दारं एका लांब उघड्या सज्ज्यावर उघडतात. तिथे ती दप्तर डोक्यावर धरून उभी होती, म्हणून शेजारच्या तिनेकेबाईंनी तिला आत बोलावलं. तिनेके सत्तरीच्या, एकट्या राहणाऱ्या, उंच आणि सरळ पाठीच्या. पूर्वी फिजिओथेरपिस्ट होत्या. आमची ओळख जिन्यात भेटल्यावर हवामानावर दोन वाक्यं बोलण्याइतकीच होती.

संध्याकाळी मी आले तर तिनेकेंच्या दाराबाहेर शर्वरीचे बूट. घरात शिरताना बूट बाहेर काढायची सवय मी लावलेली. दोन बूट नीट शेजारी शेजारी, परक्या दाराशी. मी बेल वाजवली नाही. घरी जाऊन कुकर लावला. शर्वरी आली ती कुकरची वाफ जिरून गेल्यावर.

"काय करत होतीस?"

"म्युझिक ऐकत होतो," ती म्हणाली. ती मराठी बोललीच तर 'होतो' म्हणायची, मुलांसारखं.

कसलं म्युझिक, ते तिनं डचमध्ये सांगितलं. जर्मन बँड, सत्तरच्या दशकातला, खूप जुना. रेकॉर्डची एक पूर्ण बाजू म्हणजे एकच गाणं. सांगताना तिचा चेहरा असा झाला होता की मी हातातला झारा खाली ठेवला. तो चेहरा मी ओळखत होते. डोंबिवलीत गाण्याच्या बाईंच्या क्लासमधून परत येताना माझा असा व्हायचा, असं माझी आई सांगते.

इथे माझं थोडं सांगायला हवं. मी चौदा वर्षं गाणं शिकले. त्यावर पोट भरलं नाही, सॉफ्टवेअर तपासण्यावर भरलं. पण गाणं सोडलं नाही. इथेही पहाटे अंघोळ झाली की खिडकी लावून घेऊन रियाज करते, मराठी मंडळाच्या गणपतीत गाते. शर्वरी पाच वर्षांची असल्यापासून मी तिला शेजारी बसवलं. ती बसायची. मग हळूहळू तिचा पाय हलायला लागायचा, मग मान खिडकीकडे. एकदा विलंबित यमन चालू असताना तिनं अगदी शांतपणे विचारलं, "आई, हे कधी सुरू होणार?" माझं गाऊन अर्धं झालं होतं. महेश खूप हसला. मीही हसले. नऊ वर्षांची झाल्यावर तिनं सोडलं. मी रागावले नाही. इथल्या मुलांना मुळात इतकं हळू काही आवडतच नसेल, अशी मी स्वतःची समजूत घातली, आणि ती समजूत चांगली टिकली. त्या शरदापर्यंत.

मग बूट रोज दिसायला लागले. पाऊस असो नसो, किल्ली असो नसो. मी ट्राममधून उतरून सज्ज्यावर पाऊल ठेवलं की नजर आधी तिकडे जायची. ते नसले की बरं वाटायचं आणि असले की पिशव्या जड व्हायच्या. भिंतीतून संगीत यायचं, म्हणजे संगीत नाही, त्याची खालची घरघर. ऑर्गनचा एक स्वर लांबच लांब धरलेला. भाजी चिरता चिरता मी तो स्वर ओळखायचे. पेटीवरची काळी दोन. माझीच पट्टी.

महेशला सांगितलं तर तो म्हणाला, "पोरगी गाणं ऐकते. फोनमध्ये तोंड घालून बसत नाही. तुला आणखी काय हवंय?"

"माझं ऐकायला हवं होतं."

त्यानं माझ्या ताटात उगाच एक पोळी वाढली.

एका शनिवारी जेवण गार होत होतं म्हणून मी तिला बोलवायला गेले. तिनेकेंनी दार उघडलं आणि मी तोंड उघडायच्या आत ओठांवर बोट ठेवलं. मला. माझ्याच मुलीला हाक मारायला आलेल्या मला. आत शर्वरी गालिच्यावर उताणी पडली होती, डोळे मिटून, दोन्ही हात छातीवर. मी आलेली तिला कळलंही नाही. तिनेकेंनी खुर्ची दाखवली. मी बसले. बाजू संपेपर्यंत उठता येणार नव्हतं.

तर मी ऐकलं. चौदा वर्षं ज्या कानांची मशागत झाली त्या कानांनी ऐकलं, आणि चुका शोधायला बसलेल्या परीक्षकासारखं ऐकलं. ऑर्गनवर आधी नुसता षड्ज, मग त्यात पंचम इतक्या हळूच मिसळलेला की तो कधी आला ते कळू नये. खाली ड्रम, पण ठोकल्यासारखा नाही, लांब कुणी धान्य झोडपत असावं तसा. मग बासरी. मग एक विचित्र वाद्य, ज्यातून माणसांचा घोळका एकदम 'आ' लावतो तसा आवाज यायचा. किती तरी वेळ शब्दच नाही. कुणाला घाई नाही. आणि गायक आला तो समेवर आल्यासारखा आला, असा की माझी मान माझ्या परवानगीशिवाय हलली. शेवटी सगळी वाद्यं एकेक करून थांबली आणि तो माणूस नुसतं काहीतरी वाचत राहिला, एकामागून एक शब्द, साध्या बोलण्याच्या आवाजात. मग सुईची खरखर.

वाईट असतं तर किती बरं झालं असतं. घरी येऊन मी ताटं वाढली आणि सगळ्यांशी फार गोड बोलले.

त्या दिवसांत हेव्याची एक गोष्ट मला कळली. तो एका जागी राहत नाही. आधी मला तिनेकेंचा हेवा वाटला, त्यांच्या मऊ गालिच्याचा, त्यांना कशाचीच घाई नसण्याचा. मग त्या जर्मन माणसांचा. रेकॉर्डच्या कव्हरच्या आतल्या बाजूला त्यांचा फोटो होता. लांब केसांची, अंगावर जाड स्वेटर घातलेली पाच पोरं, कुठल्याशा शेतघराच्या पायरीवर बसलेली. आता असतील आजोबा, असले तर. त्यांना माझी मुलगी माहीतही नव्हती आणि त्यांनी तिला सहज नेलं होतं. आणि सगळ्यात वाईट हेवा भाषेचा. शर्वरीनं शाळेत जर्मन जास्त मन लावून शिकायला घेतलं. आरशासमोर उभी राहून ती ओठांचा चंबू करून त्यांचा तो 'उ' आणि 'इ'च्या मधला स्वर घोटायची. पुन्हा पुन्हा. जमेपर्यंत. हीच मुलगी 'बाळ'ला 'बाल' म्हणायची आणि मी दुरुस्त केलं की "सेम थिंग, आई" म्हणायची. 'ळ'साठी जीभ जराशी वळवायची असते, एवढंच. तेवढी ती कधी वळली नव्हती.

हिवाळ्यासाठी सगळीकडची घड्याळं एक तास मागे गेली आणि ऑफिसातून निघतानाच अंधार पडायला लागला. त्याच आठवड्यातली गोष्ट. जेवताना शर्वरी फारच गप्प होती. महेशनं दोनदा विचारल्यावर म्हणाली, आज तिला शेवटी वाचलेले ते शब्द कळले. ती नावं होती, घरांची. तो सगळा अल्बमच एका गावावर होता. नदीवर भिंत बांधली आणि गाव पाण्याखाली गेलं. शेवटी गायक नुसती तिथल्या घरांची नावं वाचतो, वरच्या आळीपासून खालच्या आळीपर्यंत. सांगता सांगता तिचे डोळे भरले. "आणि पाणी तिथे अजून आहे," ती डचमध्ये म्हणाली. "लोक त्याच्यावर होड्या चालवतात."

महेशनं माझ्याकडे पाहिलं.

"शरू," मी म्हटलं, "तुझ्या आजीचं गाव असंच गेलं. साताऱ्याकडे. ती लहान होती तेव्हा."

"काय?"

"तुला सांगितलंय मी. किती वेळा सांगितलंय. तू सहा वर्षांची असल्यापासून. धरणात गेलं म्हणून."

ती हळू म्हणाली, "धरण म्हणजे हे?"

तिला शब्द माहीत नव्हता. तिला आजवर वाटत होतं, धरण हा माणूस आहे. कुणीतरी वाईट माणूस, ज्यानं आजीचं गाव घेतलं. आजी 'धरणानं घेतलं' असंच म्हणायची ना. लहानपणी ती त्याला घाबरायची, मग मोठी झाल्यावर तिला वाटलं जमिनीचं काहीतरी भांडण असेल, मोठ्यांचं, म्हणून तिनं कधी विचारलं नाही. हे तिनं अगदी साधेपणानं सांगितलं. महेश उठून पाणी आणायला गेला. पाण्याचा जग टेबलावर भरलेलाच होता.

माझी गोष्ट तिला पोहोचली नव्हती ती एका शब्दापायी, आणि त्याच गोष्टीनं तिला रडवता आलं ते परक्या पोरांना, परक्या भाषेत, परक्या घरातल्या गालिच्यावर. मला तिचं वाईट वाटायला हवं होतं. वाटलंही. पण त्याच्या आधी, अगदी त्याच्या आधी, वाटलं ते दुसरंच. ते पहिलं रडू माझं होतं. ते माझ्या गोष्टीला मिळायला हवं होतं.

रविवारी आईला व्हिडिओ कॉल असतो. एरवी शर्वरी पडद्यासमोर येऊन "हाय आजी, मी बरी आहे, तू जेवलीस का" म्हणायची आणि पसार व्हायची. त्या रविवारी तिनं फोन उचलून स्वतःच्या हातात घेतला आणि सोफ्यावर पाय वर घेऊन बसली. मी मागे टेबलाशी मटार सोलत होते.

"आजी, तुझा गाव पाण्याच्या खाली कसा गेला?"

तिकडे डोंबिवलीत आईनं चष्मा काढला, पदरानं पुसला, परत लावला. "बाळा, तुला कुणी सांगितलं?"

"सांग ना. घर कसा होता? सगळे घर सांग. वरून खाली."

आणि आईनं सांगितलं. वरच्या अंगाला सुताराचं घर, मग आमच्या चुलत्यांचं, मग देऊळ, मग उतरत उतरत नदीपर्यंत. कुणाच्या दारात फणस होता, कुणाची म्हैस मारकी होती. शर्वरीला अर्धं कळत नव्हतं. कळलं नाही की ती थांबवून विचारत होती. मारकी म्हणजे काय? चुलता म्हणजे काय? आई हातवारे करून सांगत होती, एका ठिकाणी तर चक्क म्हशीसारखी मान उडवून. यातलं निम्मं मला माहीत होतं. निम्मं नव्हतं. मटाराच्या शेंगा माझ्या हातात तशाच.

मग शर्वरीनं विचारलं, "तिथे गाणं होतं काय?"

"गाणं कसलं. माझी आई दळताना म्हणायची तेवढंच."

"म्हण."

आणि माझी आई गायली. ओवी. नागपंचमीला भाऊ न्यायला येतो आहे, नदी उतरून येतो आहे, आणि बहीण दारातून त्याचा एकेक टप्पा सांगते आहे. कुठल्या उतारावर पोहोचला, कुठल्या झाडाखाली टेकला. सगळी ठिकाणं नावानिशी, सगळी आता पाण्याखालची. आईचा आवाज चिरका झालाय, दमही पुरत नाही. पण सुराची जागा अशी नेमकी होती की माझ्या अंगावर काटा आला. ही चाल मी आयुष्यात कधी ऐकली नव्हती. तिच्या घरात वाढले, चौदा वर्षं गाणं शिकले, सगळ्या परीक्षा दिल्या, आणि माझ्या आईच्या गळ्यात हे होतं.

मी पडद्यासमोर गेले. "आई, हे तू मला कधी म्हणून नाही दाखवलंस."

"तू मोठं गाणं शिकत होतीस," ती म्हणाली, जसं काही हे सगळ्यांना ठाऊकच असतं. "बाईंकडे जाणारी पोर तू. तुझ्यापुढे हे कसलं म्हणायचं? हिला काही येत नाही, म्हणून लाज वाटली नाही."

शर्वरी हसली. आजी हसली. मी परत मटाराकडे गेले. दोघींना एकमेकी मिळाल्या होत्या. मला आनंद व्हायला हवा होता आणि मी दोघींवर जळत होते. एकीला माझी मुलगी मिळाली होती, दुसरीला माझी आई.

तो शरद असा संपला. नंतरच्या वर्षांत शर्वरीनं ती ओवी पाठ केली, 'ळ'सुद्धा जमवला, गावाच्या नावात तो होता म्हणून. कधी तरी माझ्या रियाजाच्या वेळी ती दाराशी येऊन उभी राहायची, आत यायची नाही. मीही थांबून आत ये म्हटलं नाही. थांबले तर ती जाईल अशी भीती वाटायची. रेकॉर्डही चालू राहिली, भिंतीतून काळी दोनची घरघर येत राहिली. मला वाटायचं, सवय होईल. सवय झाली, चावणं तेवढं राहिलं.

या ऑगस्टअखेर शर्वरी ग्रोनिंगनला गेली, मानसशास्त्र शिकायला. सायकल, दोन बॅगा, एक कुकर. रोज संध्याकाळी ती कॉलेजातून परतताना फोन करते, सायकल चालवता चालवता, वाऱ्यात अर्धं ऐकू येत नाही. मराठी, डच, इंग्रजी, सगळं एकत्र.

पिंजरे आले त्याच्या दुसऱ्या दिवशी सज्ज्यावर तिनेके भेटल्या. पाठ अजून सरळ, पण हातात काठी आली आहे. "ती कशी आहे?" त्यांनी विचारलं.

"छान. रोज फोन करते."

"रोज?" त्या म्हणाल्या. थोडा वेळ खाली पिंजऱ्याकडे बघत राहिल्या. इथली माणसं मनातलं सरळ बोलून टाकतात. इतकी वर्षं झाली तरी मला त्याची सवय नाही. "मला तुमचा हेवा वाटतो," त्या म्हणाल्या. "मला तिचा एकही फोन आलेला नाही. अर्थात, ती तरुण आहे. ते बरोबरच आहे." मग म्हणाल्या, "रविवारी या ना. मी रेकॉर्ड लावते, पण एकटीनं ऐकायची सवय मोडली आहे माझी."

मला काय वाटलं ते खरं सांगते. आधी, एक क्षणभर, बरं वाटलं.

रविवारी मी गेले. बूट बाहेर काढले. गालिच्यावर बसायला गुडघे ऐकेनात म्हणून त्याच खुर्चीवर बसले. कव्हर हातात घेऊन पाहिलं. करडं पाणी, त्याच्या कडेला उघडं दार असलेलं एक रिकामं घर. तिनेकेंनी सांगितलं, त्या विशीत असताना त्यांनी आणि त्यांच्या भावानं हा बँड सीमेपलीकडच्या एका गावात, शाळेच्या हॉलमध्ये ऐकला होता. भाऊ आता नाही. त्यांच्याबरोबर हे ऐकणारं त्यानंतर दुसरं कुणी नव्हतं, शर्वरी येईपर्यंत. एवढं बोलून त्यांनी सुई ठेवली.

षड्ज लागला. पंचम कधी मिसळला ते या वेळीही कळलं नाही. बासरी यायला थोडा अवकाश होता, तेवढ्यात माझा फोन थरथरला. शर्वरी. तिनेकेंनी डोळे मिटले होते. मी फोन घेऊन हळूच बाहेर सज्ज्यावर गेले आणि दार ओढून घेतलं.

"आई, कुठे आहेस? वारा ऐकू येतो."

"बाहेर," मी म्हटलं. ते खरंच होतं. तिनं तिच्या खोलीतल्या हीटरचं सांगितलं, एका मैत्रिणीचं सांगितलं, भात खाली लागला ते सांगितलं. मी सगळं ऐकलं, उत्तरं दिली, आणि तिनेकेंचं नाव काढलं नाही.

आत आले तर घरात आवाज नव्हता. तिनेके काठी टेकून प्लेयरपाशी उभ्या होत्या. त्यांनी सुई उचलून धरली होती. "तुमचं चुकायला नको," त्या म्हणाल्या, "म्हणून थांबवलं. बासरी आता येणार होती."

मी परत शर्वरीचा नंबर लावला. तिनं लगेच उचलला, काय झालं म्हणून घाबरून. "काही नाही," मी म्हटलं, "मी तिनेकेंकडे आहे. त्यांच्याशी बोल." आणि फोन तिनेकेंच्या हातात देऊन स्वयंपाकघरात गेले. विचारायच्या आधीच चहाचं पाणी ठेवलं.

दाराआडून डच बोलणं येत होतं, भराभर, माझ्या कानाला अर्धंमुर्धं कळणारं. मग तिनेके मोठ्यानं हसल्या. पलीकडून शर्वरीही हसली असणार, कारण त्या पुन्हा हसल्या. ते मला पहिल्यासारखंच लागलं, त्याच जागी. पाणी उकळून बराच वेळ झाला होता. मी गॅस बारीक केला आणि त्यांचं बोलणं संपेपर्यंत आत गेले नाही.